साहेबाचं मत आणि साहेबाची गरज

घोडनदीकर

मी शिरूरचा. जुनी माणसं आमच्या गावाला अजून घोडनदीच म्हणतात. इथे इंग्रजांची छावणी होती. ३१ डिसेंबर १८१७ च्या रात्री कॅप्टन स्टाँटन पलटण घेऊन इथूनच पुण्याकडे निघाला आणि दुसऱ्या दिवशी सकाळी भीमेच्या काठी कोरेगावात त्याची पेशव्यांच्या फौजेशी गाठ पडली. पुढची हकिकत सगळ्यांना ठाऊक आहे. त्या लढाईचा अर्थ काय लावायचा, यावर या धाग्यात वाद नको अशी हात जोडून विनंती. मला बोलायचंय ते तिच्यानंतरच्या पाऊणशे वर्षांबद्दल.

लहानपणी वडिलांनी मला त्या लढाईचा कोरेगावचा स्तंभ दाखवायला नेलं होतं. भर उन्हाळ्याचे दिवस, आसपास चिटपाखरू नाही. वडील चष्मा पुसून पुसून कोरलेली नावं मोठ्यानं वाचत होते आणि काही नावांवर थांबत होते. शेवटी 'नाक' असलेली ती नावं. "हे आपले," एवढंच म्हणाले. लढाईत मेलेल्या ४९ जणांची नावं स्तंभावर आहेत आणि त्यांतली २२ महार शिपायांची आहेत, हे मला पुढे कॉलेजात कळलं.

स्तंभाचा पाया १८२१ मध्ये घातला. शिपायांच्या शौर्याची वाखाणणी इंग्रजीत आणि मराठीतही कोरली. हे झालं एक मत. आता दुसरं ऐका. १८९० च्या दशकाच्या सुरुवातीला त्याच सरकारनं महारांची सैन्यभरती बंद केली. कारण काय, तर हे लोक लढवय्ये नाहीत! तेव्हाचे सरसेनापती लॉर्ड रॉबर्ट्स यांचं ठाम मत होतं की दक्षिणेकडच्या माणसांतली लढाऊ रग दीर्घ शांततेत विरून गेली आणि खरा शिपाई मिळतो तो उत्तरेत: पंजाबात, नेपाळात, पठाणांच्या डोंगरात. कोण शूर आणि कोण भित्रा हे जातीवर, रक्तावर, हवामानावर ठरतं, असा तो सिद्धान्त. पुढे भरतीच्या अधिकाऱ्यांसाठी जातवार पुस्तिकाही निघाल्या.

इंग्रजांना आपण कसे वाटायचो असं विचारलं की लगेच उत्तर येतं, तुच्छ. मला हे उत्तर पुरत नाही. तुच्छता होतीच, पण ती कायम एकाच माणसाच्या वाट्याला आली नाही. आज ज्याला शूर म्हटलं त्यालाच उद्या नालायक ठरवलं. मधल्या काळात तो माणूस बदललेला नव्हता. साहेबाची गरज बदलली होती. १८१८ मध्ये दख्खन जिंकायचं होतं, १८९० मध्ये रशियाच्या भीतीनं अफगाण सरहद्द सांभाळायची होती. मत गरजेमागून चालत आलं, आणि येताना शास्त्राचा अंगरखा घालून आलं.

तुमच्या भागातलं, तुमच्या घराण्यातलं असं काही असेल तर लिहा.

कऱ्हाकाठ

घोडनदीकर, मुद्दा पटला. त्यात दोन गोष्टी घालाव्याशा वाटतात.

पहिली मैवंदची. २७ जुलै १८८० रोजी अफगाणिस्तानात मैवंदला इंग्रजांचा मोठा पराभव झाला. तिथे मुंबई इलाख्याच्या पलटणी होत्या, आणि त्यानंतर मुंबई फौजेकडे बघायची नजरच फिरली. सेनापतीचं काय चुकलं याचा हिशेब करण्यापेक्षा शिपायाच्या जातीकडे बोट दाखवणं कधीही सोपं.

दुसरी गोष्ट जास्त बोचणारी आहे. पलटणी जातवार करायच्या ठरल्या तेव्हा साहेबानं इथली शिवाशिव जशीच्या तशी उचलली. वरच्या म्हणवणाऱ्या जातींचे शिपाई महार सुभेदाराचा हुकूम मानणार नाहीत, ही अडचण त्यानं आपली करून घेतली आणि ज्याला दूर ढकलणं सोपं होतं त्याला दूर ढकललं. म्हणजे मत साहेबाचं असलं तरी त्याला शाई आपल्याकडूनच मिळाली. हे बोलल्याशिवाय धागा पुढे नेऊ नये.

दाभोळखाडी

कऱ्हाकाठ यांना दुजोरा. आमच्या दापोलीला लष्करी पेन्शनरांची मोठी वस्ती होती. बाबासाहेबांचे वडील सुभेदार रामजी सकपाळ निवृत्तीनंतर काही काळ इथेच राहिले. ते लष्करी शाळेत शिक्षक होते. भरती बंद झाली म्हणजे नोकरी तर गेलीच. त्यासोबत पलटणीतली शाळा गेली, पेन्शन गेलं, पोरांच्या हातातली पाटीही गेली. गावात जे कधी मिळणार नव्हतं ते पलटणीत मिळत होतं.

गोपाळबाबा वलंगकर स्वतः पलटणीतून निवृत्त झालेले. त्यांनी १८९४ च्या सुमारास भरती पुन्हा सुरू करण्याबद्दल अर्ज तयार केला. १९१० मध्ये शिवराम जानबा कांबळे यांनी थेट विलायतेच्या भारतमंत्र्यांकडे दाद मागितली. आमच्या बापजाद्यांनी तुमच्यासाठी रक्त सांडलं, मग आता आम्ही अपात्र कसे, हा त्यातला सवाल. उत्तर कधी आलं बघा. पहिल्या महायुद्धात माणसं कमी पडायला लागली तेव्हा १९१७ मध्ये महारांची १११ वी पलटण उभी राहिली. युद्ध संपलं आणि १९२१ मध्ये ती मोडली. पुन्हा दुसरं महायुद्ध, पुन्हा माणसांची निकड, आणि १९४१ मध्ये बेळगावला महार रेजिमेंट. घोडनदीकर म्हणतात ती गरज इथे तारखेनिशी दिसते.

लदेणी

मी दिग्रसकडचा, बंजारा. नाव मुद्दाम हे घेतलंय. बैलांच्या पाठीवर धान्य-मीठ लादून मुलुखभर फिरायचं, त्याला आमच्यात लदेणी म्हणतात. एकेका तांड्यात हजारो बैल असायचे.

१८०३ मध्ये आर्थर वेलस्ली दख्खनेत उतरला. ऑगस्टात नगरचा किल्ला घेतला, २३ सप्टेंबरला असईची लढाई जिंकली. हाच माणूस पुढे ड्यूक ऑफ वेलिंग्टन झाला. त्याच्या सैन्याच्या पोटाचा प्रश्न बऱ्याच अंशी बंजाऱ्यांच्या बैलांवर अवलंबून होता. त्याच्या पत्रांत बंजाऱ्यांचे उल्लेख पुन्हा पुन्हा येतात: किती बैल आले, किती यायचेत, त्यांना कसं राखायचं. दोन्ही बाजूंच्या फौजा तांड्याला हात लावत नसत, कारण तांडा लुटला तर उद्या धान्य आणणार कोण?

पुढे आगगाडी आली. १८५३ मध्ये मुंबई ते ठाणे, १८६३ मध्ये बोरघाट खुला झाला. जे मीठ महिनाभर बैलाच्या पाठीवर यायचं ते डब्यातून यायला लागलं. लदेणी बसली. बैल विकले. ज्यांच्यावाचून फौज अडायची ते आता नुसते भटके झाले. ठाव नाही, ठिकाण नाही, म्हणून संशयित. १८७१ मध्ये गुन्हेगार जमातींचा कायदा आला आणि पुढे ठिकठिकाणी आमच्या लोकांची नावं त्या याद्यांत चढली. माणूस तोच आणि तांडाही तोच होता. आमची नायकीण आजी म्हणायची, "बैल होते तवर आपण नायक होतो." त्या वाक्यात किती इतिहास होता ते हे सगळं वाचल्यावर कळलं.

तापीतीर

लदेणीदादा, वाचून गलबलून आलं. आमच्या खानदेशात याच्या उलट घडलंय, म्हणून लिहिते.

१८१८ नंतर खानदेशातले भिल्ल म्हणजे इंग्रजांच्या लेखी निव्वळ लुटारू. फौजा पाठवल्या, पाडे उठवले, पण डोंगरात फौजेचा निभाव लागेना, तापानं माणसं मरायची. मग धोरण फिरलं. १८२५ मध्ये जेम्स औटराम नावाच्या तरुण अधिकाऱ्यानं धरणगावला भिल्लांचीच पलटण उभारली. तो त्यांच्यात राहिला, त्यांच्याबरोबर शिकारीला गेला, त्यांचा विश्वास मिळवला. थोड्याच वर्षांत हेच भिल्ल इमानी, काटक, शब्दाला जागणारे असं साहेब लिहायला लागला.

औटरामचा भिल्लांवरचा जीव खरा होता असं मला वाटतं. पण मुलूख शांत करायला तोच मार्ग उरला होता, हेही तितकंच खरं.

बाणगंगा

दुष्काळाचं कुणी लिहिलं नाही अजून. मी माणदेशातली आहे, आमच्याकडे सगळी गोष्ट तिथूनच सुरू होते.

सर रिचर्ड टेंपल. १८७३-७४ मध्ये बिहार-बंगालात टंचाई पडली तेव्हा मदतीचा कारभार यांच्याकडे होता. ब्रह्मदेशातून जहाजं भरभरून तांदूळ आणला आणि लोकांना वाचवलं. भूकबळी जवळजवळ झालेच नाहीत. शाबासकी मिळायला हवी होती. उलट एवढा खर्च केलाच कसा म्हणून विलायतेत आणि कलकत्त्यात टीका झाली.

तीन वर्षांनी, १८७६ मध्ये, दख्खनेत आणि मद्रास इलाख्यात पाऊस गेला. व्हाइसरॉय लिटननं पाहणीला पाठवले ते हेच टेंपल, आणि या वेळी ते काटकसरीचे निघाले. मदतीच्या कामावर पुरुष मजुराला दिवसाला एक पौंड धान्य आणि एक आणा, बायकापोरांना त्याहून कमी. काम खडी फोडायचं, मातीचं, रस्त्याचं. शिवाय घरापासून लांबच्या कामावर पाठवायचं. खरा भुकेला असेल तोच तेवढं चालत येईल, हा त्यामागचा तर्क. गावाजवळ सोय केली तर लोक ऐतखाऊ होतील ही भीती.

एक पौंड म्हणजे साडेचारशे ग्रॅम. १९७२ च्या दुष्काळात माझी आई खडी फोडायला जायची. सुकडी खाऊन वाढलेली आमची पिढी. मी एकदा तिच्यासमोर साडेचारशे ग्रॅम ज्वारीचं पीठ मोजून ठेवलं आणि विचारलं, एवढ्यात दिवस निघेल का? तिनं पिठात हात घातला, ओंजळीनं उचलून अंदाज घेतला आणि म्हणाली, "चार भाकरी व्हतील. दोन सकाळी, दोन दुपारी. रातच्याला काय? आन् घण कुनी उचलायचा?" मद्रासचे सॅनिटरी कमिशनर डॉ. कॉर्निश हेच सांगत होते. एवढ्यावर कष्टाचं काम करणारा माणूस जगत नाही, किमान दीड पौंड धान्य द्या, सोबत डाळ-भाजी द्या. तोही इंग्रजच होता, हे आवर्जून लिहिते. मद्रासेत पुढे मजुरी थोडी वाढली.

आपल्याकडे लोकांनी ती मजुरी नाकारली. कामावरून माणसं उठून गेली, उपाशी परत फिरली. पुण्याच्या सार्वजनिक सभेनं गावोगावची माहिती जमवून सरकारला अर्जांवर अर्ज केले. सभेचे गणेश वासुदेव जोशी म्हणजे सार्वजनिक काका. १ जानेवारी १८७७ ला दिल्लीत राणीला सम्राज्ञी घोषित करण्याचा दरबार भरला, तिथे ते हातानं कातलेल्या सुताचे कपडे घालून गेले. इकडे जोतीराव फुल्यांच्या सत्यशोधक मंडळींनी धनकवडीला उपाशी मुलांसाठी अन्नछत्र चालवलं. त्याच काळात देशातला गहू बोटींतून विलायतेला जातच होता, कारण व्यापारात हात घालायचा नाही हे सरकारचं तत्त्व. या दुष्काळात ब्रिटिश मुलुखात ५५ लाख माणसं गेली असा एक अंदाज आहे.

याच टेंपलसाहेबांना १८७७ मध्येच मुंबईचे गव्हर्नर केलं. बिहारचा माणूस वाचवण्याजोगा आणि दख्खनचा आळशी, असा फरक टेंपलना खरंच दिसत होता का? मला नाही वाटत. त्यांना वरिष्ठांचा राग दिसत होता. आळशी हा शब्द नंतर सापडला.

घोडनदीकर

बाणगंगाताई, तुमच्या आईला माझा नमस्कार सांगा. इतकी वर्षं टेंपलच्या मजुरीबद्दल वाचतोय, पण पीठ मोजून बघावं असं कधी सुचलं नाही.

थेम्सकाठी

मी नोकरीनिमित्त लंडनला असतो. धागा आवडला, पण एका बाबतीत मतभेद आहे.

इथल्या परराष्ट्र खात्याच्या इमारतीत एक मोठं चित्र आहे. वर्षातून एखाददुसऱ्या दिवशी ही इमारत लोकांना बघायला खुली असते, तेव्हा मी ते पाहिलं. स्पिरिडिओन रोमा नावाच्या चित्रकारानं १७७८ मध्ये ईस्ट इंडिया कंपनीच्या मुख्यालयाच्या छतासाठी ते काढलं. डावीकडे उंच खडकावर ब्रिटानिया बसली आहे, गोरीपान, पायाशी सिंह. खालून एक सावळी स्त्री, म्हणजे हिंदुस्थान, रत्नांचा ऐवज तिच्यापुढे धरते आहे. शेजारी चीन चिनी मातीची भांडी घेऊन उभा. ब्रिटानिया त्या मोत्यांना बोटांनी चाचपते आहे. मी बराच वेळ त्या सावळ्या बाईच्या चेहऱ्याकडे बघत होतो. तिच्यावर कुणी जबरदस्ती करत नाहीये. ती आपखुशीनं देते आहे.

आता साल बघा. १७७८ चं चित्र, आणि लगेच पुढच्या जानेवारीत, १७७९ मध्ये, वडगाव मावळला कंपनीची फौज महादजी शिंद्यांच्या कोंडीत सापडली आणि तह लिहून देऊन सुटली. छतावर पूर्व दिशा वाकून नजराणा देत होती आणि जमिनीवर कंपनीच वाकली होती. म्हणजे वरचढपणाची भावना सत्तेच्या आधीपासून होती. तिला गरज लागत नव्हती. म्हणून सगळं गरजेवर ढकलता येणार नाही असं मला वाटतं.

घोडनदीकर

थेम्सकाठी, हे मी मान्य करतो. माझं म्हणणं थोडं दुरुस्त करतो: वरचढपणा आधीपासून होता, तो ठेवणीतला. कुणाला त्यात वर बसवायचं आणि कुणाला खाली, हे मात्र गरज ठरवायची. वडगावची जोड मला सुचली नव्हती.

जुनी पोथी

मोल्सवर्थचं नाव घेतल्याशिवाय राहवत नाही. जेम्स मोल्सवर्थ लष्करातला अधिकारी. कँडी बंधू आणि शास्त्रीमंडळींना हाताशी धरून त्यानं मराठी-इंग्रजी कोश केला. १८३१ ची पहिली आवृत्ती सुमारे ४०,००० शब्दांची, १८५७ ची दुसरी ६०,००० शब्दांची. आजही कुठला जुना शब्द अडला की मी तोच उघडतो. लोकांच्या तोंडच्या म्हणी, शिव्या, खेळांची नावं, शेतातले शब्द, काय नाही त्यात? कोश राज्यकारभारासाठी हवा होता, कबूल. पण एवढा जीव ओतायला कुठल्या सरकारानं सांगितलं असणार?

मुंबईचा गव्हर्नर झालेला एल्फिन्स्टनही तसाच गुंतागुंतीचा. १८१९ च्या अहवालात त्यानं इथल्या ग्रामसंस्थेबद्दल लिहिलं की फार उत्तम राज्यव्यवस्थेशी ती कदाचित जुळणार नाही, पण वाईट राज्यातल्या उणिवांवर ती उत्तम उतारा आहे. त्याच अहवालात ब्राह्मणांना कारस्थानी, खोटारडे ठरवणारा शेराही त्यानं उचलून धरला. आणि दोनच वर्षांनी, १८२१ मध्ये, विश्रामबागवाड्यात संस्कृत पाठशाळा सुरू झाली ती याच्याच कारकिर्दीत. त्याच्या तंबूत मराठी छापील पुस्तकांचा ढीग पाहून ब्रिग्ज नावाच्या अधिकाऱ्यानं विचारलं होतं, ही कशासाठी? एल्फिन्स्टन म्हणाला, नेटिवांना शिकवायला, पण हा आपला युरोपात परत जायचा राजमार्ग आहे. मग तुम्ही हे सुरू तरी का केलंत, असं विचारल्यावर म्हणाला, काही झालं तरी त्यांच्याप्रती आपलं कर्तव्य करायला आपण बांधलेले आहोत. आपलं राज्य जाणार हे समजून शाळा काढणारा माणूस गरजेच्या मापात कसा बसवायचा?

कऱ्हाकाठ

बसत नाही, आणि बसवूही नये. पण एल्फिन्स्टन १८२७ ला गव्हर्नरपद सोडून गेला आणि शेरे मागे राहिले. मुंबई इलाख्याचं गॅझेटियर काढून बघा, पुण्याचे खंड १८८५ चे. लोकवस्तीच्या प्रकरणात एकेक जात घेतली आहे आणि प्रत्येकीपुढे विशेषणांची रांग: कष्टाळू, काटकसरी, अस्वच्छ, भांडखोर, दारूबाज. लाखो माणसं पाच-सहा शब्दांत संपली. ही माहिती मामलेदार कचेरीतून वर जायची, म्हणजे बऱ्याचदा आपल्याच कारकुनाचं शेजाऱ्याबद्दलचं मत साहेबाच्या सहीनं छापून यायचं. मग ते शास्त्र झालं. लग्नाच्या बैठकीत, भाड्याच्या खोलीच्या वेळी तेच शब्द आजही ऐकू येतात. लिहिलेलं मत गरज संपली तरी मरत नाही, ही मला सगळ्यात मोठी इजा वाटते.

सिद्धेश्वरपेठ

इतके दिवस फक्त वाचत होते. कऱ्हाकाठ यांच्या शेवटच्या वाक्यामुळे लिहायला बसले.

मी सोलापूरच्या सेटलमेंटमधली. बाहेरच्यांसाठी सांगते: १९११ च्या सुधारित कायद्यानंतर गुन्हेगार ठरवलेल्या जमातींना तारेच्या कुंपणात वसवलं, ती वस्ती. दिवसाची हजेरी, बाहेर जायला पास. जवळच कापडगिरण्या होत्या आणि त्यांना मजूर हवे होते. जन्मजात चोर म्हणून ज्यांना आत घातलं तेच हात साच्यावर चालत होते. घोडनदीकर, तुमच्या यादीत हे पण लिहून ठेवा.

कायदा ३१ ऑगस्ट १९५२ ला गेला. माझे वडील तेव्हा लहान होते. आजीचं सगळं तरुणपण आतच गेलं. मला नोकरी लागल्यावर एका घरमालकानं कायमचा पत्ता विचारला, मी सांगितला, आणि त्यानं उघडलेली वही मिटली. बोलला काहीच नाही. मी जिना उतरले.

लदेणी

ताई, आजीबद्दल अजून लिहा. जमेल तेवढं.

सिद्धेश्वरपेठ

आजी पहाटे भोंग्याच्या आधी उठायची. गिरणी बंद पडली, भोंगा थांबला, तरी उठायची. तोंड धुवून, पदर नीट करून दारात उभी राहायची, थोडा वेळ. आम्ही विचारायचो, आजे, कोण यायचंय? ती म्हणायची, कुणी नाही, अशीच.